मुखियाच्या सायकलीचं गाणं

मी तेव्हा टुकूला पाजत होते, म्हणून उठता आलं नाही. नाहीतर सायकलची घंटी ऐकल्याबरोबर दार लावून घेतलं असतं.

शशधर मुखिया अंगणात आला, पण सायकलवरून उतरला नाही. एक पाय जमिनीवर, एक पॅडलवर, छत्री हँडलला अडकवलेली. काँसाई नदीच्या अलीकडं आमची पलाशडी, पलीकडं त्याचं कुसुमजोडा. दोन्ही गावांत मिळून तेव्हा ती एकच सायकल होती आणि ती कधी आली हे पोराटोरांनाही ठाऊक होतं. मागच्या पौषात आमच्या गावचे सात गडी, माझा नवराही त्यांत, बाजारात गाणी म्हणताना धरले गेले. आमच्या शाळेची बांगला पाटी का पुसली, लेकरांना परक्या बोलीत का शिकवता, एवढंच त्या गाण्यांत होतं. दारोगाला त्यांची नावंही माहीत नव्हती. शशधरनं गर्दीत छत्रीचं टोक उचललं, हा, हा आणि तो हा. माघात सायकल आली.

"काय लोचन, उन्हाला बसलास होय? बस, बस. ऊन चांगलं असतं छातीला."

माझा नवरा भिंतीला टेकून वाळत घातलेल्या भातावरच्या कोंबड्या हाकत होता. त्यानं नुसता हात हलवला. तुरुंगातून तो आला, त्याचा आवाज आला नाही. आश्विनात दारात उभा राहिला तेव्हा छाती आत गेलेली आणि गळ्यातून निघायचा तो वारा. शब्द ऐकायला कान त्याच्या ओठांशी न्यावा लागे. याच माणसानं आमच्या अंगणात टुसूचं, आमच्या सुगीच्या सणाचं, गाणं धरलं की नदीपलीकडच्या खळ्यावर बायका मळणी थांबवून ऐकायच्या.

टुकू ज्येष्ठात झाली, तो आत असताना. तिनं बापाचं गाणं ऐकलेलंच नाही.

"संक्रांतीला साहेब येतोय, दिल्लीचा," मुखिया सांगत होता. "हा मुलूख आहे तिथंच ठेवायचा की बंगालात घालायचा, इथली माणसं काय बोलतात, ते विचारायला. मी म्हटलं, साहेब, उगाच कशाला पाय झिजवता? सगळं लिहून तयार आहे. पलाशडी आणि कुसुमजोडा, मातृभाषा हिंदी, आम्ही आहोत तिथं सुखात आहोत. खाली एकशेबारा अंगठे."

लोचनची मान वर आली.

"तुझा नाही रे. तू पडून होतास. बौमाचा आहे, सूनबाईचा." त्यानं माझ्याकडं बघून हसून घेतलं. "विहिरीचा कागद नव्हता का, बौमा? तोच तो."

माझ्या हातातून पदर सुटला.

कार्तिकात तो कागद घेऊन तो स्वतः आला होता. मी टुकूला एका काखेत आणि कळशी दुसऱ्या काखेत घेऊन नदीवरून आले होते. मी विचारलंसुद्धा होतं, काका, यात लिहिलंय काय? मला आपली अक्षरं येतात. लग्न झालं त्या वर्षी लोचननं चुलीपुढच्या राखेत बोट धरून शिकवली होती. पण कागद दुसऱ्या लिपीत होता. "विहीर गं पोरी, विहीर," तो म्हणाला होता. "तुझ्या दारापासून वीस पावलांवर. लेकरू घेऊन किती दिवस नदीला जाणार?" कुणी माझ्या कळशीचा विचार केला म्हणून मला भरून आलं होतं. मी त्याला बसायला पाट दिला. गूळ-मुडी, म्हणजे गूळ नि चुरमुरे, दिले. मग अंगठा दिला.

"तू भाषेपायी नऊ महिने आत राहिलास," मुखिया लोचनला म्हणाला, "आणि हिनं ती एका अंगठ्यात परत करून टाकली. घरातलं घरातच मिटलं की नाही?"

घंटी दोनदा वाजवून तो निघून गेला.

मी रांजणापाशी बसून राखेनं अंगठा घासला. शाई केव्हाच गेली होती, तरी घासला. लोचन उठून आला, माझा ओला हात त्यानं आपल्या हातात घेतला आणि कानाशी येऊन म्हणाला, "तुझी काय चूक?"

"मला ते नको सांगूस," मी म्हटलं. "मला त्याचं काय करायचं ते सांग."

"त्याला लाज नाही. नसलेली लाज तू आणणार कुठून?"

त्या दिवसापासून मला एकच गोष्ट हवी होती. त्या साहेबाच्या देखत शशधरनं आपल्याच तोंडानं स्वतःला खोटं पाडायला हवं होतं, आणि मरेपर्यंत ते त्याच्या कानात वाजत राहायला हवं होतं. टुकूला अंगाई म्हणतानासुद्धा मी हेच मागत होते. पोर हसायची, मी तिच्या पोटाला नाक लावायचे आणि मनात त्याचा गळा आवळायचे.

पवनी पिशी म्हणजे लोचनची आत्या. तोंडात दोन दात, दोन्ही खालचे. आमच्या गावची टुसू तीच बसवायची. पौषाच्या पहिल्या संध्याकाळी मातीच्या पसरट वाडग्यात भाताचं तूस, वर झेंडूची फुलं, की झाली टुसू, आमची लेक. तिला ना भटजी लागतो ना मंत्र. महिनाभर रोज संध्याकाळी गाणी, तीच पूजा. गाण्यात काहीही घाला, सासूचा जाच घाला, मिठाची टंचाई घाला, रेल्वेचा डबा घाला, टुसूला सगळं चालतं.

"दारोगाला मात्र चालत नाही," पिशी म्हणाली. "दवंडी ऐकली ना? गाण्यात शाळा आली, भाषा आली, सरकार आलं की बेडी. सासू, जाऊ, सवत आणि गावागावांच्या शिव्या, एवढ्याला माफी."

"पिशी, आपणही एक कागद लिहूया. आमचा अंगठा फसवून घेतला म्हणून."

"आणि खाली काय लावशील? अंगठाच ना? साहेबानं काय अंगठे हुंगून ओळखायचं, कुठला खरा नि कुठला खोटा?" तिनं फुलांचे देठ खुडत माझ्याकडं पाहिलं. "शिव्यांना माफी आहे म्हटलं ना मी. मग डोकं कुठं शेणात घालून बसलीस?"

संक्रांतीला सगळ्या गावांच्या टुसू नदीला जातात. बांबू आणि रंगीत कागदाचा उंच मनोरा करतात, चौडल म्हणतात त्याला, त्यात बसून टुसू निघते. वाळूत दोन गावांची चौडलं समोरासमोर आली की बायका एकमेकींच्या टुसूला शिव्या देतात, गाण्यातून. गाण्यातल्या शिवीचा राग धरायचा नाही, उत्तरही गाण्यातच द्यायचं. जिचं उत्तर अडलं तिनं वाट सोडायची, आणि जिंकलेल्या गावाची टुसू पहिल्यांदा पाण्यात उतरते. वर्षभर मग हरलेल्या गावच्या पोरींना विहिरीवर, बाजारात, माहेरी-सासरी चिडवून बेजार करतात.

कुसुमजोड्याचं गाणं धरायची खांतोमणी, शशधरची आई. चाळीस वर्षांत ती म्हातारी अडली म्हणून कुणी ऐकलं नव्हतं.

"अडली होती एकदा," पिशी म्हणाली. "तुझ्या लग्नाच्या आधी. खोकल्याची उबळ आली तिला. शशधर तेव्हाही मुखिया होता, अंगात कोट, पायांत बूट. लांब उभा होता बड्या लोकांत. आईचं गाणं तुटलं मात्र, बूट वाळूत टाकून धावला की गं! मागं उभा राहून त्यानं गाणं पुरं केलं. दाढी फुटेपर्यंत आईच्या मागं उभं राहून तेच केलंय त्यानं. अडलं की कानात सांगायचं. ते कुठं सुटतंय?"

मी फुलं खाली ठेवली. "म्हणजे म्हातारी अडली तर."

"म्हातारी अडली तर," पिशी म्हणाली आणि दोन दातांनी हसली. "पण ती अडणार कशानं? टुसूच्या नाकावरून, गावाच्या उपासमारीवरून तिला आजवर कुणी अडवलं नाही."

"तिच्या लेकावरून," मी म्हटलं.

पिशीचं हसू गेलं. मुखियाच्या धाकानं आजवर त्याच्यावर कुणी गाणं केलं नव्हतं, हे तर होतंच. पण दुसरंही होतं. टुकूच्या वेळी मी दोन दिवस अडले होते. नवरा तुरुंगात, सुईण तापानं पडलेली. तेव्हा लेकाला न सांगता ही खांतोमणी, आमची खांतोबुढी, नदी ओलांडून आली होती. टुकूची नाळ तिनं कापली. पुढं पंधरा दिवस रोज येऊन लेकराला तेल चोळलं. अजूनही बाजारात भेटली की टुकूचा तळपाय आधी आपल्या गालाला लावते, मग बोलते.

"बघ बाई," पिशी म्हणाली. "म्हातारीला लागेल."

"लागू दे," मी म्हटलं.

गाणं मी दुपारी करायचे. टुकू लोचनच्या पसरलेल्या पायांवर झोपायची, मी त्याच्याकडं पाठ करून तांदूळ पाखडायला बसायचे आणि ओळी म्हणायचे. त्याला म्हणता येत नव्हतं, म्हणून तो माझ्या पाठीवर बोटांनी ठेका धरायचा. ओळ लंगडली की बोटं थांबायची. मी शब्द बदलायचे, बोटं पुन्हा चालू. पहिलं कडवं एका दुपारीत झालं. दुसऱ्याला चार दिवस लागले. ते जमलं तेव्हा त्याची बोटं थांबली आणि पूर्ण तळवा पाठीवर टेकला.

"हे नको," तो कानाशी म्हणाला. "यात जीभ आली, म्हणजे भाषाच आली. दारोगा तिथंच असणार. तुला नेतील."

"नेऊ देत. टुकू अंगावर पिते, तिलाही न्यावं लागेल. मग उभ्या बाजारात दारोगानं सात महिन्यांच्या पोरीला गाडीत बसवावं."

"रतन."

"तू गेलास तेव्हा मी तुला अडवलं होतं?"

तो टुकूच्या कपाळावरचे केस मागं सारत राहिला. मग म्हणाला, "दुसरी ओळ जरा लांबवून म्हण. शेवटी श्वास ठेव."

संक्रांतीला वाळूवर पाय ठेवायला जागा नव्हती. अठरा-वीस चौडलं आली असतील. तिळाचे लाडू, बांगड्या, कोंबड्यांच्या झुंजी, सगळीकडं ओरडा. टुकूला मी पदरानं छातीशी बांधलं होतं. लोचन कांबळं पांघरून वडाच्या मुळावर बसला होता, तिथून मी त्याला दिसत होते.

मुखिया साहेबाला घेऊनच आला. साहेब सावळा, उंच, दक्षिणेकडचा असावा, डोक्यावर टोपी, हातात वही. त्याच्या मागं दारोगा आणि दोन शिपाई. शशधरनं नवा कोट घातला होता आणि सायकल बरोबर आणली होती. वाळूत ती चालत नाही, तरी हातानं ढकलत आणली होती.

आमचं चौडल आणि कुसुमजोड्याचं चौडल समोरासमोर आलं तेव्हा ते सगळे आमच्यापासून पाच-सहा हातांवर होते. खांतोबुढी पुढं आली. टुकूला बघून तिनं आधी कानशिलावर बोटं मोडून तिची दृष्ट काढली. मग कमरेवर हात ठेवला नि खणखणीत आवाजात सुरू झाली,

"पलाशडीची टुसू आली, हात-पाय की हो काड्या,
मुडी मागते दारोदारी, चघळते उसाच्या कांड्या!"

कुसुमजोड्याच्या बायकांनी टाळ्या पिटल्या. आमची पिशी काय गप्प बसते!

"तुमची टुसू नटली किती, आरसा बघून दचकली गं,
काजळ फासलं गालावरती, डोळ्यांची वाट चुकली गं!"

लोक हसले. असं पाच-सहा वेळा इकडून तिकडं झालं. म्हातारीला मजा येत होती, मान डोलवत होती. तेवढ्यात साहेबानं मुखियाला हिंदीत काही विचारलं. एवढी हिंदी आम्हालाही कळते. या बायका काय म्हणताहेत, असं विचारलं होतं.

शशधरनं हात झटकला. "कोण जाणे साहेब. बाहेरचे चळवळे येऊन शिकवून गेलेत. आमच्या घरांत हे कुणी बोलत नाही. मला स्वतःला एक अक्षर कळत नाही."

मी ऐकलं. माझ्या शेजारच्या दोघींनी ऐकलं. पुढं उभ्या असलेल्या खांतोबुढीनं ऐकलं की नाही, ते तेव्हा मला कळलं नाही. पिशीनं माझ्या पाठीला बोट लावलं.

मी पुढं झाले.

"घंटी वाजवत सायकल आली, कुणाचा गं हा जावई?
जावई कुठला, लेक घरचा, आईला विचारी, कोण बाई!"

मागून कुणीतरी खिंकाळलं आणि सगळी वाळू हसली. दहा गावांच्या माना सायकलीकडं वळल्या. शशधर अजून हसतच होता, साहेबाला कोंबड्यांची झुंज दाखवत होता, पण हँडलवरची बोटं पांढरी पडली होती. एक अक्षर कळत नव्हतं ना त्याला!

खांतोबुढीनं डोळे बारीक केले. उत्तर आलं, पण हळू आलं, जुनंच कुठलंतरी, आमच्या गावच्या बोडक्या माळाचं. कुणी टाळी वाजवली नाही. ती मला म्हणाली, गाण्यात नाही, नुसतीच, हळूच, "आणखी आहे का गं?"

होतं. वडाखाली लोचन उभा राहिला होता. दारोगा पाच-सहा हातांवर. टुकूची टाळू माझ्या हनुवटीला लागत होती, ऊबदार. मी तिच्यावरूनच आवाज सोडला.

"अंगठा धरला म्हातारीचा, शाईत बुडवला काळा गं,
दूध पाजलं जिनं त्याला, तिच्याच जिभेला टाळा गं!"

तिचा अंगठा घेतला होता की नाही, मला माहीत नव्हतं. एकशेबारांत बरीच म्हातारी माणसं असणार, म्हणून मी अंदाजानं घातलं होतं. म्हातारीनं आपला उजवा हात वर आणला, उलटा केला, अंगठ्याकडं पाहिलं. मग हात खाली सोडला आणि तोंड मिटलं.

कुसुमजोड्याच्या बायका तिच्याकडं बघू लागल्या. एकीनं कोपर मारलं. "बोल की गं, बुढीमा!" ती बोलली नाही. आमच्याकडच्या पोरींनी मोजायला सुरुवात केली, एक, दोन, तीन. पाचावर वाट सोडायची असते. कुसुमजोड्याचं चौडल उचललेली माणसं चुळबुळ करायला लागली. चार म्हणेपर्यंत सायकल वाळूत आडवी झाली.

शशधर आईच्या मागं येऊन उभा होता. छत्री वर, मान वाकडी, आणि काय आवाज! आवाज होता मेल्याला, देवाघरची देणगी. आमच्या मानभूम मुलखाच्या अस्सल बोलीत, एक शब्द न अडखळता,

"पलाशडीच्या सुना चोरट्या, चोरून खाती गूळ गं,
तोंड उघडता माश्या येती, गाण्याला कुठलं मूळ गं!"

शेवटच्या शब्दाला त्यानं पायाचा ठेकासुद्धा घेतला. कुसुमजोड्याच्या बायका सवयीनं मागून ओढत आल्या, "मूळ गं, मूळ गं!" आणि तो आईच्या कानाशी वाकून म्हणाला, "पुढचं धर ना, आई! ते केरसुणीचं धर! काय झालं तुला?"

म्हातारी मागं वळली नाही.

साहेब वही छातीशी धरून त्याच्याजवळ आला होता. पलीकडं झुंजीतले कोंबडे ओरडत होते.

"मुखियाजी," साहेब हिंदीत म्हणाला, अगदी नम्रपणे, "हे शिकवायलाही बाहेरून कुणी आलं होतं का?"

मला शशधरचा चेहरा बघायचा होता. दोन महिने मी तो चेहरा मागत होते. पण त्या वेळी गर्दीतून एक बाई हसली, मग दुसरी, मग इतका कल्लोळ झाला की दारोगानं टोपी सावरली आणि शिपायांना मागं व्हायला सांगितलं. कुणाला धरणार होते? शिव्यांना माफी होती. आणि धरायचंच तर आधी मुखियाला धरावं लागलं असतं.

साहेबानं त्याला तो कागद मागितला. शशधरनं कोटाच्या खिशात हात घातला आणि हात तिथंच राहिला. शेवटी साहेबानं स्वतः हात पुढं धरला तेव्हा कागद निघाला. साहेबानं तो वाचला नाही. अंगठे वरपासून खालपर्यंत पाहिले, घडी घालून वहीत ठेवला आणि वळून पिशीला विचारलं, उद्या डाकबंगल्यावर तुम्ही सगळ्या याल का, एकेकीशी बोलायचं आहे. पिशी म्हणाली, "येऊ की. शिव्या चालतील ना?" दारोगानं ते हिंदीत सांगितलं नाही, पण साहेबाला कळलं असावं, हसला.

आमची टुसू पहिल्यांदा पाण्यात उतरली. लेक जाते म्हणून बायका दरवर्षी रडतात, तशा रडल्या. मी रडले नाही. मी मागं वळून बघत होते. शशधर वाळूतून सायकल उचलत होता. घंटीत वाळू गेली होती, ती वाजेना.

दुसऱ्या दिवशी डाकबंगल्याच्या ओसरीवर मी बोलले, माझ्या बोलीत, विहिरीपासून गूळ-मुडीपर्यंत सगळं. त्या कागदाचं पुढं दिल्लीत काय झालं मला ठाऊक नाही. एवढ्यावर प्रांत हलत नाहीत, हे मलाही कळतं. माणसं पुढंही तुरुंगात गेली, पुढंही चालली.

पण माझं गाणं माझ्या हातात राहिलं नाही. फाल्गुनात ते बाजारात होतं. चैत्रात लग्नांच्या वऱ्हाडांत होतं. शशधर सायकलवरून निघाला की शेतात वाकलेल्या बायका न बघताच सुरू व्हायच्या, कुणाचा गं हा जावई? त्यानं घंटीची वाटी काढून टाकली. मग पोरं तोंडानं घंटी वाजवायला लागली, आणि गाणं नंतर. त्यानं दोघांना मारलं, तेव्हा ती दोघं झाडावर चढून म्हणायला लागली. पावसाळ्यात तो सायकल हातात धरून चालायचा, वर बसायचा नाही. मी दारात उभी राहून बघायचे. टुकूला कडेवर घेऊन मुद्दाम बघायचे.

खांतोबुढी त्या वर्षभर आली नाही. मला वाटलं, संपलं. पुढच्या पौषात एका सकाळी दारात उभी, हातात तेलाची वाटी.

"पोरीचे पाय वाकडे पडताहेत की काय, बघू," म्हणून बसली. टुकूला मांडीवर उलटी टाकून पाठ चोळायला लागली.

मी तिच्यापुढं मुडी ठेवली. "बुढीमा, तुम्हाला लागलं असेल."

"लागलं ना."

टुकू खिदळत होती.

"उत्तर होतं गं माझ्या तोंडात," ती म्हणाली. "चांगलं होतं. तुझ्या दोन्ही कडव्यांना पुरून उरलं असतं."

मी तिच्यासमोर खाली बसले.

"पाच हातांवर उभा राहून म्हणाला की नाही, मला एक अक्षर कळत नाही? मी काय बहिरी आहे? आणि अंगठा?" तिनं तेलकट हात वर करून दाखवला. "औषध देतो म्हणाला, आई, यावर अंगठा कर. म्हटलं, बघू या आता. मी गप्प बसते. किती कळतं नि किती नाही, सांग म्हणावं चार लोकांत."

"मग आता? घरी?"

"घरी काय! जेवायला तोच वाढतो मला. गुणाचा आहे तसा." तिनं टुकूला उताणी केली. "मी रोज संध्याकाळी तांदूळ निवडताना तुझं गाणं म्हणते. तो जेवत असतो. चाल गोड आहे, काय करू."

माझा सूड तिच्या सुडापुढं लहान पोराच्या खेळासारखा वाटला.

त्याच्या पुढच्या कार्तिकात आमचा भाग बंगालात गेला. सगळा मानभूम नव्हे, आमच्याकडचा. शाळेपुढच्या पटांगणात सभा झाली. पाटी नवी होती, आमच्या अक्षरांत. सुटलेल्या माणसांना हार घालायचे होते, आणि हार घालायला कोण उभा? शशधर. तोच कोट. "आपल्या माय-भाषेचा आज विजय झाला," म्हणून त्यानं लांबलचक भाषण केलं, चांगलं केलं, डोळेही पुसले. सणाच्या दिवशी कोण बोलणार!

लोचनचं नाव पुकारलं. तो पुढं गेला, वाकला नाही, म्हणून शशधरला टाचा उंच करून हार घालावा लागला. मी टुकूला घेऊन पहिल्या ओळीत उभी होते. ती अडीच वर्षांची झाली होती, शब्द जोडायला नुकती शिकत होती, पण चाल अचूक धरायची, बापाचीच. शशधर तिच्याकडं बघून हसला, गाल चिमटला आणि बडे लोक विचारतात तसं विचारलं, "काय गं, गाणं येतं का तुला?"

टुकूनं माझ्याकडं पाहिलं. मी काहीच केलं नाही. गळ्यात हार घालून उभ्या असलेल्या लोचननं मात्र दोन बोटं तिच्या पाठीवर टेकवली आणि ठेका धरला.

"घंती वाजवत," टुकूनं सुरू केलं, त्या शांत पटांगणात, स्वच्छ, "सायकल आली."

शशधरनं हात मागं घेतला. मागच्या ओळीतून बायकांनी पुढची ओळ उचलली होती, आणि त्यांच्यात सगळ्यात वरचा, कापरा आवाज खांतोबुढीचा होता.

मी लेकीला थांबवलं नाही. तिला आणखी उंच धरलं.